सोड म्हणेपर्यंत

पहिली थोबाडीत बसली तेव्हा माझ्या हातात ताकाची बादली होती. आखाड्यातली माती मऊ राहावी म्हणून तिच्यात ताक, तेल, हळद, लिंबू मुरवावं लागतं, आणि आमच्या तालमीत ते काम माझ्याकडे होतं. बादली हातातून निसटली आणि सगळं ताक उंबऱ्यावर सांडलं. मला पहिला राग आला तो ताकाचाच. भर उन्हात सहा घरं फिरून ते मागून आणलं होतं.

दुसरी बसली तेव्हा मारणाऱ्याकडे बघितलं. पंचविशीतला गडी, मान मांडीएवढी, दोन्ही कान चुरगाळलेले. म्हणजे पैलवानच.

"वळखलंस?"

"न्हाई बा."

"नीट बघ."

"बघितलं. माझं डोकं जरा..."

तिसरी बसली. ओठ फुटला. त्यानं माझा सदरा धरला आणि मला आत ओढत आखाड्याच्या कडेला आणून आपटलं.

"मगदुमाचा सुबराव मी. रंगरावचा धाकटा भाऊ. आता वळखलंस?"

मी मान हलवली. मग मात्र हात वर केले नाहीत. रंगरावचा भाऊ मारायला आला असेल तर त्याला मारू द्यायला हवं, एवढं मला कळत होतं.

माझ्या डोक्याचं इथंच सांगून टाकतो, नाहीतर पुढचं कळायचं नाही. मला झटके येतात. तोंडाला फेस वगैरे काही नाही, नुसता मी मागे पडतो. चार दिवस, कधी आठवडाभर मी परत वीस वर्षांचा होतो. पहाटे उठून लंगोट शोधतो, जोर मारतो, खुराक मागतो आणि भेटेल त्याला विचारतो, "रंगा कुठाय?" मग हळूहळू परत येतो. त्या वर्षी परत आलो की कळायचं, आपण एकतीस वर्षांचे आहोत आणि तालमीत झाडू मारतो. हे दोघे एकाच अंगात राहायचे, पण एकमेकांची ओळख नव्हती. वीसवाला माजोरी होता, एकतीसवाल्याला खाली मान घालायची सवय लागलेली होती.

रंगा माझा जोडीदार. रोज पहाटे त्याच्याशीच माझी लढत. त्या दिवसाच्या अकरा वर्षं आधी अशाच एका सरावाच्या कुस्तीत तो माझ्या गुडघ्याखाली मेला. ती पहाट माझ्याजवळ नव्हती, आणि नंतरचे चार महिनेही नव्हते. जे होतं ते म्हादबा वस्तादांनी सांगितलेलं. ते म्हणायचे, "तुला झटका आला हुता किसना. मी धा वेळा वरडलो, सोड, सोड म्हनून. तू ऐकंनास. शेवटी तुझ्या डोस्क्यात मुद्गल घातला तवा सुटला त्यो. तवर खलास." पंचनाम्यात अपघात लिहिलं गेलं ते वस्तादांच्या शब्दावर. पुढं घरच्यांनी मला घरात घेतलं नाही, तर वस्तादांनी तालमीत ठेवलं. दोन वेळ जेवण दिलं. खुन्याला कोण पोसतो? मी त्यांना देवासारखं मानत होतो.

आणि दर झटक्यात मी रंगा कुठाय विचारलं की वस्तादच सांगायचे, "तू मारलास त्येला." दर वेळी मला ते पहिल्यांदा कळायचं. भिंतीवर डोकं आपटून घ्यायचो म्हणतात. पोरं येऊन धरायची.

"बोल," सुबराव म्हणाला. "माझा भाऊ कसा मेला?"

मी वर सांगितलं ते सगळं सांगितलं.

"हे त्या म्हाताऱ्याचं झालं. तुझं सांग."

"माझ्याजवळ माझं काय न्हाई."

त्यानं बरगडीत लाथ घातली. मी कुशीवर वळलो, तशी पाठीत घातली. मारताना तो बोलत होता आणि त्याचा आवाज रडवेला होता, त्यामुळे लाथा जास्तच लागत होत्या. "दादा दर शनवारी घरला यायचा. जेवताना तुझंच बोलनं. किसनानं असा डाव टाकला, किसनानं तसा टाकला. तुला झटकं येत्यात असं एकदाबी म्हनला न्हाई त्यो. एकदाबी! मग त्याच दिवशी कुठनं आला झटका?"

हे मला कुणी विचारलं नव्हतं. मलाही सुचलं नव्हतं. दुसऱ्याच्या तोंडून आपली गोष्ट ऐकायची सवय लागली की माणूस प्रश्न विचारत नाही.

आतल्या खोलीचं दार वाजलं आणि वस्ताद बाहेर आले. जेवून आडवे झालेले होते, धोतराचा सोगा हातात. पासष्टीचे, पण चालणं अजून आखाड्यातलं. सुबरावला त्यांनी लगेच ओळखलं असणार, कारण नाव विचारलं नाही.

"पोरा, मेलेल्याला उकरू नये."

"तुम्हास्नी इचारलं न्हाई. ह्याला इचारतोय. झटकं आधी हुतं का ह्येला?"

"हुतं. मीच कुनाला बोलू दिलं न्हाई. पैलवानाचं नाव जातंय." वस्ताद कट्ट्यावर बसले. "येड्याला मारून काय मिळनार तुला? मर्द असशील तर मातीत उतर."

"त्येच्यासाठीच आलोय," सुबराव म्हणाला आणि अंगातला सदरा काढला. "माझ्या भावाला धरला तसा ह्येला धरनार. बगू कोन सोड म्हनतंय."

मला वाटलं, वस्ताद आता अडवतील. मिरजेच्या डॉक्टरांनी बजावून ठेवलं होतं की ह्याच्या डोक्याला परत मार बसला तर काही खरं नाही. म्हणून अकरा वर्षं मी मातीला हात लावायचो तो फक्त फावड्यानं. पण वस्ताद माझ्याकडे न बघता म्हणाले, "उतर किसना. त्येची हौस फिटू दे."

वस्तादांचा शब्द आला की विचार करायचा नाही, ही आमच्या तालमीची रीत. त्यातही एक रीत सगळ्यात कडक. पकड बसली की वस्ताद सोड म्हणेपर्यंत सुटायची नाही. खालचा रडो, ओरडो, गयावया करो. एका मोठ्या मैदानात आमच्या एका गड्यानं खालच्याची दया येऊन पकड ढिली केली आणि पुढच्या क्षणी तोच चितपट झाला, तेव्हापासूनची ही रीत. पोरवयात येणाऱ्याला ती आधी शिकवायची, डाव नंतर. मी तर तिच्यातला पहिल्या नंबरचा. वस्ताद मुद्दाम सोड म्हणायला वेळ लावायचे आणि माझे हात थरथरेपर्यंत बघत बसायचे.

मी उतरलो. रिवाजाप्रमाणे चिमूटभर माती कपाळाला लावली आणि मूठभर सुबरावपुढे धरली. समोरच्यानं ती अंगाला चोळून घ्यायची असते. त्यानं ती माझ्या हातातून घेतली आणि डोळ्यात फेकली.

त्यापुढं झाली तिला कुस्ती म्हणवत नाही. त्यानं डोक्यानं माझ्या नाकावर ढुशी दिली. नाक मोडल्याचा आवाज मला आतून ऐकू आला. मी रक्त गिळत त्याचे खांदे धरायला गेलो, तर त्यानं कोपर माझ्या कानशिलावर मारलं, जुन्या खोकेवर. मग परत तिथंच. मी गुडघ्यावर आलो. तो माझे केस धरून तोंडावर मारत होता आणि दर बुक्कीला म्हणत होता, "सांग! सांग!"

चौथी की पाचवी बुक्की असेल. मला झटका आला. पण दर वेळेसारखा नाही. दर वेळी एकतीसवाला जातो आणि वीसवाला येतो. त्या दिवशी वीसवाला आला आणि एकतीसवालाही तिथंच राहिला. दुपार होती आणि पहाटही होती. कौलांच्या फटीतून ऊन पडलेलं दिसत होतं आणि कंदिलही दिसत होता.

समोर रंगा होता. तीच मान, तेच खांदे. तो केस सोडून माझा पाय ओढायला वाकला आणि मी मागे सरून त्याची मान खाली दाबली. तो पालथा पडला आणि मी त्याच्यावर. डावा हात त्याच्या काखेतून, उजवा गुडघा मानेवर. घुटना म्हणतात ह्या डावाला. खालच्याला पाठीवर पलटी मारायला लावण्यासाठी तो असतो. खालचा पलटला नाही तर तोंड मातीत जातं. आणि मी मुरवलेली माती मऊ होती.

तो पलटत नव्हता. हात मागे आपटत होता. त्याचं तोंड पार मातीत गेलं होतं आणि नाकातून एक बारीक आवाज येत होता.

"वस्ताद, सोडू?" मी विचारलं.

कट्ट्यावरून उत्तर आलं नाही.

"वस्ताद, रंगाला श्वास घेता येईना. सोडू?"

"धर," वस्ताद म्हणाले. "जिरू दे जरा. लई उडायलाय."

तेच वाक्य मला पहाटेतूनही ऐकू आलं. आवाज अकरा वर्षांनी तरणा होता, एवढाच फरक. "धर. जिरू दे जरा. तालीम सोडून जानार म्हनतोय." आणि मला सगळं दिसलं. रंगानं आदल्या दिवशी वस्तादांना सांगितलं होतं की तो शहरातल्या मोठ्या तालमीत जाणार. वस्ताद रात्री जेवले नव्हते. पहाटे त्यांनी मला बाजूला घेऊन सांगितलं होतं, आज घुटना दाबून ठेव, मी म्हणेपर्यंत. मी दाबला होता. मी विचारलं होतं, सोडू? एकदा नाही, तीनदा. तिसऱ्यांदा तर रंगाचे पाय हलायचे थांबले होते. वस्ताद म्हणाले होते, सोंग करतोय, धर.

मला झटका वगैरे काही आला नव्हता. मी शुद्धीत होतो. चांगला शुद्धीत, आणि वाट बघत होतो.

शेवटी सोड म्हणाले तेव्हा मी रंगाला उताणा केला. त्याच्या तोंडातली माती बोटानं काढली, ती निघता निघत नव्हती. मग वळून वस्तादांवर ओरडलो, "तुम्ही सोड का म्हनला न्हाईसा? मी सगळ्या गावाला सांगनार!" त्यांच्या हातात मुद्गल होता. तो येताना मी बघितला.

इकडे माझ्या गुडघ्याखाली सुबराव पायांनी माती खरडत होता. मी गुडघा उचलला.

कुणाच्या शब्दाशिवाय पकड सोडली ती आयुष्यात तेवढी एकदाच. मी बाजूला सरकलो.

"कुनी सांगितलं रं सोडायला?" वस्ताद कट्ट्यावरून ताडकन उठले. चाळीस वर्षांची सवय ती, विचाराच्या आधी तोंडातून निघून गेली. "मी म्हनलो सोड? म्हनलो व्हय? त्या दिवशी बरा मी म्हनंपतुर धरून बसलास, आन आज..."

मग ते थांबले. पण बोलून झालं होतं.

सुबराव चार पायांवर होता. खोकत होता, माती थुंकत होता. मान तिरकी करून त्यानं वस्तादांकडे बघितलं.

"त्या दिवशी तुम्ही म्हनंपतुर?"

"तसं न्हवं..."

"धा वेळा वरडला हुतासा न्हवं?"

"मी तीनदा विचारलं," मी म्हणालो. माझा आवाज मलाच परका वाटत होता. "वस्ताद, मी तीनदा विचारलं. तुम्ही धर म्हनला."

"तुला काय आठवतंय, येड्या? तुझं डोस्कं फुटल्यालं..."

"ते तुम्हीच फोडलं. मी सांगू नये म्हनून."

वस्तादांनी दाराकडे पाऊल टाकलं. सुबराव उठला, भिंतीला टेकवलेला लाकडी मुद्गल उचलला आणि पहिला घाव त्यांच्या गुडघ्यावर घातला. हाड मोडलेलं मी तालमीत पुष्कळदा ऐकलंय, पण म्हातारं हाड वेगळं वाजतं. ते खाली पडले. दुसरा घाव मनगटावर बसला. त्यांनी हात पोटाशी घेतला आणि माझ्याकडे बघून ओरडले, "किसना! धर त्येला! धर म्हनतो न्हवं!"

माझे पाय दोन पावलं गेलेसुद्धा. अकरा वर्षांचं मीठ आणि त्याआधीची आठ वर्षांची शिकवण अंगात होती. मग मी थांबलो आणि उभा राहून बघत राहिलो. तिसरा घाव दंडावर बसला, चौथा बरगडीवर. खोटं कशाला सांगू, मला बरं वाटत होतं. इतकं बरं मला कुस्ती जिंकूनही कधी वाटलं नव्हतं.

मग सुबरावनं मुद्गल दोन्ही हातांनी डोक्यावर नेला. खाली वस्तादांचं टक्कल होतं. ते ओरडायचे थांबले होते आणि एका कुशीवर गोळा होऊन बघत होते.

"सोड," मी म्हणालो.

सुबरावनं ऐकलं नाही असं वाटलं. मुद्गल खाली आला, पण खांद्यावर. मग त्यानं तो टाकून दिला आणि आखाड्याच्या कडेला बसून हुंदके द्यायला लागला. मी नाकातलं रक्त सदऱ्यानं पुसत त्याच्याशेजारी बसलो. वस्ताद कण्हत होते. आम्हा दोघांपैकी कुणी त्यांना पाणी दिलं नाही.

हुंदके ओसरल्यावर तो म्हणाला, "चल."

"कुठं?"

"आईकडं. मी सांगून तिला खरं वाटायचं न्हाई. तुझ्या तोंडनं सांग."

जाताना कोपऱ्यावरच्या डॉक्टरला सांगितलं, तालमीत वस्ताद पडलेत, बघा. पुढं त्यांनी कुणावर तक्रार केली नाही. केली असती तर कारण सांगावं लागलं असतं. पाय घसरला, एवढंच ते गावाला सांगत राहिले, आणि परत कधी मातीत उतरू शकले नाहीत.

एसटीत पाऊण तास लागला. मला एकच धास्ती होती, की पोचेपर्यंत डोकं परत पुसलं जाईल. म्हणून मी सारखा म्हणत होतो, "मी तीनदा विचारलं. धर म्हणाले. मी तीनदा विचारलं. धर म्हणाले." कंडक्टरनं माझ्या तोंडाकडे बघितलं आणि तिकिटाचे पैसे सुबरावकडे मागितले.

म्हातारी सोप्यात पेरणीसाठी शेंगा फोडत बसली होती. माझं तोंड सुजून भोपळा झालेलं होतं, तरी तिनं ओळखलं.

"तालमीतला किसना न्हवं त्यो?"

"व्हय मावशी."

"ह्याला कशाला आनलास?" तिनं लेकाला विचारलं, पण हात थांबवले नाहीत.

मी उंबऱ्याबाहेरच बसलो आणि सगळं सांगितलं. रंगा जाणार होता ते, पहाटे वस्ताद काय बोलले ते, मी कसा धरून बसलो ते. झटका आला नव्हता हेही सांगितलं. एसटीत मी ते वगळायचं म्हणत होतो. ते वगळलं असतं तर मी बिचारा ठरलो असतो, आणि सुबरावनंही त्यावर काही म्हटलं नसतं. पण म्हातारीपुढं जीभ वळली नाही.

"येकच सांग," ती म्हणाली. "म्हादबा प्रेत घिऊन आला तवा म्हनला हुता, शेवटाला आई म्हनून हाक मारली लेकानं. मारली न्हवं?"

सुबरावनं माझ्याकडे बघितलं. त्याला मी काय म्हणायला हवं होतं ते कळत होतं. मलाही कळत होतं.

"तोंड मातीत हुतं, मावशी."

शेंगा फोडायच्या थांबल्या.

"अकरा वरसं मी ती हाक ऐकायलोय," ती म्हणाली. "ती बी न्हेलीस."

तिनं हातातलं टरफल माझ्या अंगावर फेकलं. मग मूठभर फेकली. मग उठून आली आणि जेवढा जोर होता तेवढ्यानं माझ्या मोडलेल्या नाकावर, डोळ्यांवर, डोक्यावर मारत राहिली. सुबराव मध्ये पडला नाही. तिच्या हाताला रक्त लागलं तेव्हा ती थांबली आणि पदरानं हात पुसत माझ्यासमोर बसली. धाप लागली होती.

"मी हे परत विसरनार, मावशी," मी म्हणालो. "परत चार-सहा महिन्यांनी विचारीन, रंगा कुठाय."

"कुनाला इचारशील?"

"जो समोर असंल त्याला. तालमीत असलो तर वस्तादांना."

तिनं रक्त लागलेला पदर खोचला.

"मग हितंच ऱ्हा," ती म्हणाली. "मला इचार. मला रोज सकाळी उठल्यावर नव्यानं कळतंय. तुला बी कळू दे."

मी राहिलो. गोठ्याशेजारच्या खोलीत, आजतागायत. म्हातारी त्यानंतर सतरा वर्षं जगली. तेवढ्यात झटके किती आले मला ठाऊक नाही, सुबराव म्हणतो पंचवीस-तीस तरी. दर वेळी मी तिलाच विचारलं आणि दर वेळी तिनं सगळं सांगितलं. गुडघा तुझा होता आणि शब्द वस्तादाचा. आधी गुडघा सांगायची.